हप्ता किती बसतो, हे विचारणं बंद करा

बेळगावात, खानापुरात, निपाणीत, कुठंही घराचा विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला: हप्ता किती बसतो? एजंट हप्ता सांगतो, बिल्डर हप्ता सांगतो, बँकेतला साहेब कॅल्क्युलेटर पुढं करून हप्ताच दाखवतो. घरातली मंडळी पगारातनं तेवढे वजा करतात आणि "जमतंय की" म्हणून मोकळी होतात. ते घर शेवटी कितीला पडणार हे कोणी विचारत नाही, आणि न विचारता कोणी सांगतही नाही. डोकं फिरतं ते याच गोष्टीनं.

जांभ्याच्या चिऱ्यामागं दोन रुपये कमी व्हावेत म्हणून तासभर घासाघीस करणारी माणसं आपण. गवंड्याची मजुरी, वाळूची खेप, सिमेंटची पोती, सगळं वहीत उतरवलेलं असतं. पण कर्जाच्या अर्जात मुदतीच्या रकान्यात २० च्या जागी ३० पडले तर एक शब्द तोंडातून निघत नाही. का, तर हप्ता कमी झाला!

किती कमी झाला ते बघा तरी. ३० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के व्याज. २० वर्षांना हप्ता २६,०३५ रुपये, ३० वर्षांना २३,०६७. महिन्याला २,९६८ रुपये वाचले. आता नुसतं व्याज बघा: २० वर्षांत ३२ लाख ४८ हजार, ३० वर्षांत ५३ लाख ४ हजार. महिन्याचे तीन हजार वाचवायला साडेवीस लाख जास्तीचे. हेच कर्ज १५ वर्षांत फेडलं तर हप्ता २९,५४२ बसतो, म्हणजे २० वर्षांच्या हप्त्यापेक्षा साडेतीन हजारांनी जास्त, आणि व्याज २३ लाख १८ हजारांवर थांबतं. ९ लाख ३० हजार रुपये वाचतात. या तीन ओळी एका कागदावर एकाखाली एक लिहून गिऱ्हाइकासमोर ठेवायला किती वेळ लागतो? एक मिनिट. ते एक मिनिट द्यायची कुणाची तयारी नसते, कारण मुदत जितकी लांब तितकं कर्ज मोठं मंजूर होतं, आणि एजंटचं कमिशन कर्जाच्या रकमेवर असतं.

दुसरी गोष्ट परतफेडीच्या तक्त्याची. पानंच्या पानं आकडे असतात म्हणून कोणी उघडत नाही. उघडा, आणि पहिलीच ओळ वाचा. हप्ता २६,०३५. त्यातलं व्याज २१,२५०. मुद्दलात गेले ४,७८५. आता साठाव्या ओळीवर या. पाच वर्षांत खिशातून १५ लाख ६२ हजार गेलेत, आणि बाकी आहे २६ लाख ४४ हजार. कर्ज उतरलं फक्त ३ लाख ५६ हजारांनी. एकशेविसावी ओळ बघा: निम्मी मुदत संपली, तरी ३० पैकी २१ लाख अजून डोक्यावर. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं, सुरुवातीला मुद्दल मोठं असतं, त्यामुळं हप्त्याचा मोठा वाटा व्याजच खातं. गणित म्हणून यात काही खोट नाही. खोट आहे ती हे गणित सही करून घेण्याआधी समजावून न सांगण्यात. पाच-सहा वर्षांनी नोकरी पुण्याला लागते, घर विकायचं ठरतं, बँक बाकीचा आकडा सांगते आणि माणूस तिथल्या तिथं खाली बसतो.

आणि हे सगळं दर जागचा हलला नाही असं धरून. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या कर्जाचा दर हलतोच. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या दराला बांधावी लागतात, बहुतेकांनी ती रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते त्याला बांधली. २०२१ मध्ये रेपो ४ टक्के होता आणि ७ टक्क्यांच्या आसपास घरकर्ज मिळत होतं. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ६.५ वर गेला. अडीच टक्क्यांनी काय होतं? ३० लाख, २० वर्षं, ७ टक्के, हप्ता २३,२५९. वर्षभर हप्ते भरले, बाकी राहिली २९ लाख २९ हजारांच्या आसपास. आता दर एकदम ९.५ झाला असं धरा. महिन्याचं व्याजच २३,१८५. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ७४ रुपये. चौऱ्याहत्तर! या गतीनं कर्ज फिटायला ६० वर्षं लागतील. तेवढी मुदत कोणीच देत नाही, म्हणून मग मुदत निवृत्तीच्या वयापर्यंत ताणतात आणि तिथं अडलं की हप्ता वाढवतात. कितीतरी लोकांना मुदत वाढल्याचा पत्ताच नव्हता. हप्ता तेवढाच कापला जातोय म्हणून ते निवांत होते.

यावर रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ ला स्पष्ट आदेश काढला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हे कर्जदारानं ठरवायचं. आतापर्यंत मुद्दल किती फिटलं, व्याज किती गेलं, हप्ते किती उरले आणि दर किती, याचं विवरण दर तीन महिन्यांनी द्यायचं. मिळतं का ते तुम्हाला? मिळत नसेल तर शाखेत जाऊन लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. तोंडी विचारलं की "सर्व्हर डाऊन आहे, पुढच्या आठवड्यात या" हेच ऐकायला लागतं.

२०२५ मध्ये रेपो फेब्रुवारीपासून डिसेंबरपर्यंत ६.५ वरून ५.२५ वर उतरला. तुमच्या खात्यात तो उतरला का, तपासा. हाउसिंग फायनान्स कंपनीचं कर्ज असेल तर तिचा दर तिच्या स्वतःच्या मापावर चालतो, तिथं कपात उशिरा आणि अर्धीमुर्धी पोचते. बँकेतही नव्या गिऱ्हाइकाला कमी मार्जिन (रेपोवर बँक चढवते तो टक्का) आणि दहा वर्षं इमानेइतबारे हप्ते भरणाऱ्या जुन्याला जास्त, हा अन्याय सर्रास चालतो. नवा दर किती ते विचारा, दर बदलून घ्यायची रूपांतर फी भरून तो मागा, नाही म्हणाले तर कर्ज दुसरीकडं न्यायची तयारी ठेवा. ३० लाखांवर २० वर्षांत अर्धा टक्का म्हणजे २ लाख ३० हजार रुपये.

आता आपल्या भागातला खरा घाव. हिंडलगा, कंग्राळी, मच्छे, पिरनवाडी, शहराच्या चारी बाजूंना शेतजमिनीत एनए (बिगरशेती) न करता गुंठ्यानं पाडलेले प्लॉट आहेत. ई-स्वत्तूत, म्हणजे ग्रामपंचायतीच्या ऑनलाइन मिळकत नोंदीत, नमुना ९ आणि ११ए निघाला तर ठीक, नियमात न बसणाऱ्या मिळकतीचा ११बी निघाला की बऱ्याच मोठ्या बँका फाइल परत करतात. शहरात बी-खात्याचं, म्हणजे नियमात न बसणाऱ्या मिळकतीच्या नोंदीचं तेच. मग माणूस जातो सोसायटीकडं, सौहार्द सहकारी संस्थेकडं, कुठल्यातरी फायनान्सकडं. तिथं सांगतात, "दर फक्त ९ टक्के." हा ९ टक्के फ्लॅट आहे का, म्हणजे व्याज शेवटपर्यंत मूळ रकमेवरच लावणार का, हे विचारल्याशिवाय पेनला हात लावू नका. १० लाख, १० वर्षं, फ्लॅट ९ टक्के म्हणजे ९ लाख व्याज आणि हप्ता १५,८३३. हेच १० लाख घटत्या शिलकेवर ९ टक्क्यांनी घेतले तर हप्ता १२,६६८. एकूण फरक ३ लाख ८० हजारांचा. फ्लॅट ९ म्हणजे खरा दर साधारण १४.५ टक्के. तुम्ही मुद्दल फेडत जाता, पण व्याज मात्र शेवटच्या महिन्यापर्यंत पूर्ण दहा लाखांवर लावतात. पतसंस्था आणि सौहार्द संस्था सहकार कायद्याखाली येतात, रिझर्व्ह बँकेचे वरचे नियम त्यांना लागू नाहीत आणि तिच्या लोकपालाकडं त्यांची तक्रारही चालत नाही. सोसायटीतला माणूस गावचा आहे, ओळखीचा आहे, म्हणून दर तपासायचा नाही ही सवय आपल्याला फार महाग पडलीय. प्लॉट घेतानाच एनए आणि ई-खाता (मिळकतीची ऑनलाइन नोंद) बघितला असता तर हा साडेपाच टक्क्यांचा दंड आयुष्यभर भरायला लागला नसता. प्लॉट दोन लाखांनी स्वस्त मिळाला म्हणणाऱ्यांनी हे व्याज त्या किमतीत मिळवून बघावं.

रोख रकमेचं भगदाड वेगळंच. ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच पैसे मिळतात, आणि त्या किमतीत स्टॅम्प ड्युटी, नोंदणी धरत नाहीत. कर्नाटकात ५० लाखांच्या घराला ड्युटी ५ टक्के, सेस आणि सरचार्ज धरून ५.६. नोंदणी फी ३१ ऑगस्ट २०२५ पासून १ वरून २ टक्के झाली. झाले ३ लाख ८० हजार, तेही पदरच्या १० लाखांच्या वर. ऐनवेळी हे उभं करायला लोक पर्सनल लोन काढतात, बायकोचे दागिने गहाण ठेवतात. त्या व्याजाचा हिशेब घराच्या खर्चात कोणीच धरत नाही.

विम्याचा प्रकार तर संताप आणणारा आहे. कर्ज मंजुरीच्या कागदांत एकरकमी हप्त्याची पॉलिसी सरकवतात आणि ती रक्कम कर्जातच घालतात. ९० हजारांचा विमा असेल तर हप्ता ७८१ रुपयांनी वाढतो, आणि २० वर्षांत त्या ९० हजारांचे १ लाख ८७ हजार होतात. "विमा घेतल्याशिवाय कर्ज मंजूर होत नाही" हे धादांत खोटं आहे. कर्जाइतकं संरक्षण घ्याच, घरच्यांसाठी ते हवंच, पण वेगळा टर्म प्लॅन (नुसता मृत्यूचा विमा) स्वतः निवडून घ्या, त्याचा हप्ता वर्षाला भरा. गळ्यात मारलेली पॉलिसी कागद हातात पडल्यापासून ३० दिवसांत परत करता येते.

"टॅक्स वाचतो" हेही आता पुरे. २०२३-२४ पासून नवी करप्रणाली आपोआप लागू आहे आणि तीत राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही. जुन्या प्रणालीत वर्षाला २ लाखांचीच मर्यादा, २० टक्क्यांच्या टप्प्यात वाचतात ४१,६०० रुपये. वरच्या ३० लाखांच्या, ८.५ टक्क्यांच्या कर्जात पहिल्या वर्षी व्याज जातं २ लाख ५३ हजार. त्यासाठी मुदत लांबवा म्हणून सल्ला देणाऱ्यांना गणित येत नाही.

मग करायचं काय? १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकेनं आणि फायनान्स कंपनीनं प्रत्येक कर्जाआधी की फॅक्ट स्टेटमेंट द्यायचं असतं, तुम्हाला कळणाऱ्या भाषेत. मराठीत मागा, हक्क आहे. त्यात एपीआर असतो. विमा, लीगल, व्हॅल्युएशन, प्रोसेसिंग फी, सगळं मिळवून कर्ज खरं किती टक्क्यांना पडतं तो आकडा. सोबत परतफेडीचा पूर्ण तक्ताही द्यावा लागतो. हा कागद किमान तीन कामकाजाचे दिवस ग्राह्य असतो, म्हणजे घरी नेऊन, दोन-तीन ठिकाणचे कागद शेजारी ठेवून वाचायला वेळ आहे. "आत्ता सही करा, ऑफर संध्याकाळपर्यंतच" म्हणणाऱ्यापुढून उठून यायचं.

कर्ज आधीच चालू असेल तर हातात एकच मोठं हत्यार आहे, मुद्दलात जादा भरणा. फ्लोटिंग गृहकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून बंदी आहे. वरच्याच ३० लाखांच्या, ८.५ टक्के, २० वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर १ लाख भरले आणि मुदत कमी करून घेतली तर १८ हप्ते उडतात, व्याज सुमारे ३ लाख ७० हजारांनी वाचतं. तेच १ लाख भरून हप्ता कमी करून घेतला तर वाचतात जेमतेम १ लाख. म्हणून चेक देताना "मुदत कमी करावी, हप्ता तोच ठेवावा" असं अर्जात स्पष्ट लिहा. लिहिलं नाही तर काउंटरवरचा माणूस त्याच्या सोयीचं बटण दाबतो. दर वर्षी एक हप्ता जादा भरत गेलात तर २४० च्या जागी साधारण २०० हप्त्यांत कर्ज संपतं, सहा लाखांवर व्याज वाचतं. भरणा सुरुवातीच्या वर्षांत करा. पंधराव्या वर्षी व्याजाचा मोठा भाग देऊन झालेला असतो, तेव्हा फायदा थोडाच उरतो.

कर्ज फिटलं तरी काम संपत नाही. मूळ कागद ३० दिवसांत परत द्यायला हवेत, १ डिसेंबर २०२३ पासून चूक सावकाराची असेल तर उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. ती मागा, लेखी मागा. नुसता नो-ड्यू दाखला घेऊन घरी येऊ नका. सब-रजिस्ट्रारकडं बोजा उतरवल्याची नोंद करून घ्या आणि नवीन ईसी, म्हणजे मिळकतीवरचा बोजा दाखवणारा दाखला काढून बघा. उताऱ्यावर बोजा चढवला असेल तर तोही कमी करून घ्या. नाहीतर सगळं कर्ज फेडूनही ईसीत गहाणच दिसतं, आणि पोरं घर विकायला किंवा नावावर करून घ्यायला गेली की बंद पडलेल्या किंवा दुसऱ्या बँकेत विलीन झालेल्या शाखेचे उंबरे झिजवत बसतात.