सल्फा म्हणजे गंधक नव्हे

आत्याच्या पाकिटात एक कार्ड असतं. नाव, वय, रक्तगट, दोन फोन नंबर आणि खाली लाल शाईत "गंधकाची ॲलर्जी आहे". मागच्या महिन्यात पायांना सूज आणि धाप म्हणून तिला दाखल केलं, तेव्हा ड्यूटीवरच्या तरुण डॉक्टरने ते कार्ड वाचलं, उलटून पाहिलं, पुन्हा वाचलं.

"गंधकाची म्हणजे?"

आत्या धापा टाकत होती तरी ठाम होती. "गंधकाची म्हणजे गंधकाची. अंगभर पुरळ उठलं होतं माझ्या."

अंगातलं जास्तीचं पाणी लघवीवाटे काढणारं फ्युरोसेमाइडचं इंजेक्शन सिस्टरच्या हातात तयार होतं. डॉक्टरने तिला थांबायची खूण केली आणि वरिष्ठांना फोन लावायला तो बाहेर गेला. त्याचं काहीच चुकलं नाही. समोर असं काही लिहिलेलं असताना त्याने थांबायलाच हवं होतं.

चूक माझी. ते कार्ड मी लिहून दिलंय.

औषधांच्या माहितीपत्रकांचं भाषांतर करणं हा माझा पोटापाण्याचा धंदा, म्हणून ही गोष्ट जास्तच झोंबली. आत्याच्या जुन्या कागदावर डॉक्टरांनी फक्त "सल्फा, पुन्हा देऊ नये" असं खरडलं होतं. कार्ड लिहिताना मला मराठीचा उमाळा आला. सल्फा म्हणजे सल्फर, सल्फर म्हणजे गंधक. दोन उड्या मारल्या. पहिलीत पाय मुरगळला आणि दुसरीत थेट खड्ड्यात.

सल्फा हे एका औषधकुळाचं घरगुती नाव आहे. कागदोपत्री नाव सल्फोनामाइड. गंधकाचा एक अणू, त्याला चिकटलेले दोन ऑक्सिजन आणि एक नायट्रोजन, अशी ती रचना. गंधक त्यात आहे, हे खरंच. पण गंधक आपल्या केसांत आहे, नखांत आहे. इन्सुलिनच्या दोन साखळ्या एकमेकींना गंधकाच्याच टाक्यांनी शिवलेल्या असतात. सुटं गंधक आणि सल्फाची गोळी यांचं नातं एवढंच, की दोघांच्या जन्मदाखल्यावर एक अक्षर सारखं आहे.

त्यात आपल्याकडे हे सगळे शब्द एका माळेत ओवलेले. सल्फा, सल्फेट, सल्फाइट. कानाला सख्खी भावंडं, प्रत्यक्षात एकमेकांना न ओळखणारे शेजारी. मॉर्फिन सल्फेट, सालब्युटामॉल सल्फेट यांतलं सल्फेट म्हणजे औषध क्षाररूपात आणण्यासाठी जोडलेला भाग. सल्फाच्या ॲलर्जीशी त्याचा काही संबंध नाही. सल्फाइट हे पदार्थ टिकवण्यासाठी वापरतात, दमा असलेल्या काहींना त्याने खरोखर धाप लागते, पण तेही वेगळंच प्रकरण. सल्फेट आणि सल्फाइट यांत आपल्या लिपीत फरक किती, तर एका मात्रेचा आणि एका अक्षराचा. घाईत लिहिलेल्या केसपेपरवर तेवढा फरक दिसला तर नशीब.

या कुळाचा इतिहासही नावांच्या गफलतींनी भरलेला आहे, आणि तो मला फार आवडतो. सुरुवात झाली एका रंगापासून. जर्मनीत बायर कंपनीच्या प्रयोगशाळेत क्लारर आणि मीट्श या रसायनतज्ज्ञांनी 1932 मध्ये एक लाल रंगद्रव्य बनवलं आणि गेरहार्ड डोमाक यांनी ते स्ट्रेप्टोकॉकसची लागण केलेल्या उंदरांना दिलं. उंदीर वाचले. प्रॉन्टोसिल या नावाने 1935 मध्ये हे जगासमोर आलं. सगळ्यांना वाटलं, करामत रंगाची आहे, कारण रंग जंतूंना चिकटतो म्हणून तो त्यांना मारतो, असाच तेव्हाचा विचार होता. त्याच वर्षी पॅरिसच्या पाश्चर इन्स्टिट्यूटमधल्या मंडळींनी दाखवून दिलं की शरीरात गेल्यावर प्रॉन्टोसिलचे दोन तुकडे होतात. लाल रंगाला कारण असलेला जोड तुटतो आणि जंतूंना आवरतो तो उरलेला बिनरंगाचा तुकडा. त्या तुकड्याचं नाव सल्फानिलामाइड. आणि ते तर व्हिएन्नात पॉल गेल्मो यांनी 1908 मध्येच बनवून ठेवलेलं! त्याच्या पेटंटची मुदतही संपून गेली होती. कंपनीच्या लाल रंगाची अशी फजिती झाली. डोमाक यांना 1939 चं नोबेल जाहीर झालं, पण नाझी सरकारने त्यांना ते नाकारायला लावलं. पदक हातात पडलं 1947 मध्ये, रक्कम नाहीच मिळाली.

ही औषधं काम कशी करतात तेही बघण्यासारखं आहे. जंतूला वाढायला फॉलिक आम्ल लागतं आणि ते तो स्वतः तयार करतो. त्यासाठी त्याला जो कच्चा माल लागतो, त्याचा सल्फा हुबेहूब तोतया. जंतूचं एन्झाइम फसतं, तोतयाला आत घेतं आणि काम ठप्प. आपण फॉलिक आम्ल बनवत नाही, अन्नातून आयतं घेतो, म्हणून आपल्याकडे या तोतयाला फसवायला कुणी नसतं. आत्याला ज्या गोळीने पुरळ उठलं होतं, त्या कोट्रायमोक्साझोलमध्ये सल्फामेथॉक्साझोलच्या जोडीला ट्रायमेथोप्रिम असतं, पाचास एक या प्रमाणात. ते त्याच साखळीतली पुढची पायरी अडवतं. म्हणजे एक जण दार अडवतो, दुसरा जिना.

आता प्रश्न येतो, सल्फा प्रतिजैविक, म्हणजे अँटिबायोटिक, आहे का? काटेकोरपणे पाहिलं तर नाही. सेल्मन वॅक्समन यांनी 1940 च्या दशकाच्या सुरुवातीला अँटिबायोटिक हा शब्द रूढ केला तो एका सूक्ष्मजीवाने तयार केलेल्या आणि दुसऱ्याला मारक ठरणाऱ्या पदार्थासाठी. पेनिसिलिन बुरशीतून आलं, ते त्यात बसतं. सल्फा प्रयोगशाळेत जन्मलं, ते बसत नाही. जुन्या पुस्तकांत त्याला केमोथेरपी म्हटलंय, कारण पॉल एर्लिख यांनी तो शब्द जंतुसंसर्गावरच्या रासायनिक उपचारासाठीच वापरला होता. आज तुम्ही माहितीपत्रकात सल्फाला केमोथेरपी लिहून बघा, पेशंटच्या घरी रडारड होईल.

म्हणून मी बेधडक "सल्फा प्रतिजैविक" लिहिते. एका संपादकांशी यावरून वादही झालाय. ते वॅक्समनच्या व्याख्येवर अडून बसले, मी नाही. व्याख्येच्या दृष्टीने त्यांचं बरोबर आहे. पण पेशंटला त्या काटेकोरपणाचा काडीचा उपयोग नाही. हे औषध जिवाणूंवर चालतं, विषाणूंवर चालत नाही, एवढं कळलं की झालं. उलट सल्फाचं गंधक केलं तर सिस्टरच्या हातातली सिरिंज थांबते. तिथे मात्र मी आता अक्षरही हलू देणार नाही. शुद्ध मराठीवाल्यांनी शिव्या घातल्या तरी चालेल.

शब्दावर माणसं मरतात आणि कधी शब्दामुळेच वाचतात, असा एक प्रसंग याच औषधाच्या नावावर आहे. अमेरिकेत 1937 मध्ये एका कंपनीने सल्फानिलामाइड पातळ स्वरूपात विकायला काढलं. ते विरघळवायला वापरलं डायएथिलीन ग्लायकॉल, जे मूत्रपिंडांचं वाटोळं करतं. शंभरहून जास्त माणसं गेली, त्यांत कितीतरी लहान मुलं. विकण्याआधी औषध सुरक्षित असल्याचं दाखवा, असा कायदाच तेव्हा नव्हता. मग सरकारने तो माल जप्त केला कशाच्या जोरावर? बाटलीवर "एलिक्झिर" लिहिलं होतं, आणि एलिक्झिर म्हटलं की त्यात अल्कोहोल असायला हवं. यात नव्हतं. चुकीचं नाव लावल्याचा गुन्हा! साधं "द्रावण" लिहिलं असतं तर कायद्याला बोटही लावता आलं नसतं. 1938 मध्ये नवा कायदा आला. हा किस्सा मी दर वेळी नव्या भाषांतरकारांना सांगते आणि दर वेळी खोली गप्प होते.

असो, आत्याकडे येते.

तासाभराने मोठे डॉक्टर आले. त्यांनी आधी आम्हाला जुना कागद आणायला लावला. मग विचारलं, गोळी कोणती, किती दिवस घेतली, पुरळ कसं होतं, तोंडात फोड आले होते का, कातडी सोलली होती का. हे प्रश्न उगाच नव्हते. सल्फा प्रतिजैविकांनी क्वचित स्टीव्हन्स-जॉन्सन सिंड्रोम नावाची जिवावर बेतणारी प्रतिक्रिया होते, तिच्यात त्वचा आणि तोंडातलं अस्तर सोलून निघतं. आत्याला तसलं काही झालं नव्हतं. आठव्या दिवशी खाज आणि पुरळ, गोळी बंद केल्यावर गेलं.

फ्युरोसेमाइडही रचनेने सल्फोनामाइडच, म्हणून धाकटे डॉक्टर थबकले होते. पण सल्फा प्रतिजैविकांत बेंझिनच्या कड्याला एका ठराविक जागी मोकळा अमिनो गट लटकलेला असतो आणि बरीचशी भानगड तिथून सुरू होते. फ्युरोसेमाइडमध्ये तो त्या जागी नाही. न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिनमध्ये 2003 साली आलेल्या एका मोठ्या अभ्यासात तर गंमतच दिसली. सल्फा प्रतिजैविकाची ॲलर्जी झालेल्यांना प्रतिजैविक नसलेल्या सल्फोनामाइडचा त्रास इतरांपेक्षा जास्त झाला खरा, पण पेनिसिलिनचा त्याहून जास्त झाला. म्हणजे दोष रचनेतल्या साम्याचा नव्हता. त्या माणसांचं शरीरच ॲलर्जीकडे झुकणारं होतं. अर्थात हे वाचून कुणी घरी आपल्या मनाने ठरवायचं नाही. मोठ्या डॉक्टरांनीही इंजेक्शन दिलं ते देखरेखीखाली. पहाटेपर्यंत आत्याची धाप बरीच उतरली आणि ती चहा का नाही म्हणून भांडायला लागली.

उलट्या बाजूची चूक मात्र जास्त भीतीदायक. भाजल्यावर लावायचं सिल्व्हर सल्फाडायझिनचं पांढरं क्रीम घ्या. ते अस्सल सल्फा प्रतिजैविक. पण क्रीम आहे ना, म्हणून कुणी ॲलर्जी सांगतच नाही. आत्यानेही सांगितली नसती. तिला तर गंधकाची ॲलर्जी, आणि क्रीमच्या नावात गंधक कुठाय?

घरी आल्यावर नवं कार्ड लिहिलं. "औषध: कोट्रायमोक्साझोल, सल्फा प्रतिजैविक. काय झालं: आठव्या दिवशी अंगभर पुरळ, खाज. तोंडात फोड नाहीत, कातडी सोलली नाही." खाली वर्ष. आत्याने चष्मा लावून दोनदा वाचलं.

"एवढं लांबलचक कोण पाठ करणार?"

"पाठ नाही करायचं. नुसतं दाखवायचं."

तिने ते पाकिटात सरकवलं. जुनं कार्ड त्याच कप्प्यात तसंच होतं. असू दे की, राहील दोन्ही, असं म्हणत होती. ते मात्र मी मागून घेतलं.