पहिली गाडी सुटली तेव्हा सीएसएमटी बांधलंच नव्हतं

एप्रिल उजाडला की आमच्या घरच्या ग्रुपवर एक मेसेज हमखास येतो. यंदा तो आधी काकांनी टाकला, मग आत्याने, आणि संध्याकाळपर्यंत ऑफिसातल्या दोघांच्या स्टेटसलाही दिसला. मजकूर असा: “१६ एप्रिल १८५३! आपल्या सीएसएमटीच्या भव्य इमारतीतून भारतातली पहिली रेल्वे ठाण्याला निघाली. नाना शंकरशेटांनी स्वखर्चाने आणलेली ही लोकल आजही अखंड धावते आहे. इंग्रजांनी एक छदामही न घेता दिलेली भेट!” वर व्हीटीच्या, म्हणजे याच सीएसएमटीच्या, घुमटाचा फोटो.

नानांनी स्वखर्चाने आणली आणि इंग्रजांनी फुकट दिली, हे दोन्ही एकदम कसं, असं कुणी विचारलं नाही. मी ठाण्याहून रोज ये-जा करतो. म्हटलं, या मार्गाचं एवढं तरी देणं लागतो.

आधी इमारत. फोटोतल्या त्या दगडी वास्तूचं काम १८७८ मध्ये सुरू झालं. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स हा तिचा वास्तुरचनाकार. व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाला ५० वर्षं झाली म्हणून १८८७ मध्ये तिला ‘व्हिक्टोरिया टर्मिनस’ हे नाव दिलं. म्हणजे पहिली गाडी सुटली त्यानंतर चौतीस वर्षांनी. गाडी सुटली ती बोरीबंदरच्या साध्या लाकडी स्टेशनातून, दुपारी ३ वाजून ३५ मिनिटांनी. १४ डबे, सुमारे ४०० पाहुणे, पुढे साहिब, सिंध आणि सुलतान ही तीन इंजिनं, आणि २१ तोफांची सलामी. जागा साधारण तीच, इमारत नव्हे.

“भारतातली पहिली” हेही अर्धंच खरं. पहिली प्रवासी गाडी म्हणा, माझी काही तक्रार नाही. पण मद्रासजवळ रेड हिल्सला १८३७ मध्येच रस्त्यांसाठी दगड वाहायला रूळ पडले होते. रुडकीजवळ गंगेच्या कालव्याचं काम चालू असताना १८५१ च्या डिसेंबरात मातीच्या वाघिणी ओढायला वाफेचं इंजिन आलं होतं. माणसं मागाहून बसली, आधी दगड-माती बसली.

नानांच्या बाबतीत मात्र जपून बोलायला हवं, कारण मेसेजची भावना चुकीची नाही. मुंबईत रेल्वे यावी म्हणून १८४५ पासून खटपट करणाऱ्यांत जगन्नाथ ऊर्फ नाना शंकरशेट आणि जमशेटजी जीजीभाई आघाडीवर होते. पुढे ‘ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे’ कंपनीच्या संचालकांतही दोघं होते. त्याच व्हीटीच्या दर्शनी भागावर संचालकांचे चेहरे कोरले आहेत, त्यांत हे दोघंही आहेत. पण कंपनीचं भांडवल प्रामुख्याने विलायतेतल्या भागधारकांचं होतं. “स्वखर्चाने” म्हटल्याने नाना मोठे होत नाहीत. त्यांचं खरं काम, म्हणजे पटवून देणं आणि माणसं जमवणं, तेवढं झाकलं जातं.

आणि ही फुकटची भेट! इथे मला खरोखर राग येतो. १८४९ च्या करारात कंपनीला भांडवलावर पाच टक्के व्याजाची हमी होती. रेल्वेने तेवढं कमावलं नाही, तर उरलेलं हिंदुस्थानच्या महसुलातून भरायचं. हा महसूल मोठ्या प्रमाणात शेतसाऱ्याचा, म्हणजे आगगाडी जन्मात न पाहिलेल्या कुणब्याच्या खिशातला. जमीन ९९ वर्षांसाठी मोफत. तोटा झाला तर आपला, नफा झाला तर भागधारकांचा. घाई कशाची होती, तर कापूस बंदरात आणि फौज देशात लवकर पोचवायची. १९०० मध्ये सरकारने कंपनी विकत घेतली, तेही पैसे मोजूनच.

राहिली ‘लोकल’. आपण जिला लोकल म्हणतो ती विजेची गाडी ३ फेब्रुवारी १९२५ ला व्हीटी ते कुर्ला, हार्बर मार्गाने, पहिल्यांदा धावली. १८५३ च्या गाडीला ती चुलत पणती म्हणावी लागेल. आणि पहिली गाडी ठाण्यालाच थांबली, कारण पुढे खाडी होती. खाडी ओलांडून कल्याणपर्यंतचा मार्ग १ मे १८५४ ला सुरू झाला. तो पारसिकच्या डोंगराला वळसा घालून, मुंब्र्यावरून जायचा. सरळ वाट मिळाली ती १९१६ मध्ये बोगदा झाल्यावर. मुंब्र्याच्या वळणावर खिडकीत बसलेल्याला एका बाजूला डोंगर आणि दुसऱ्या बाजूला खाडी दिसते. हा वारसा मेसेजमध्ये कधीच नसतो.

तेव्हा काका, पुढच्या १६ एप्रिलला मेसेज पाठवायचाच असेल तर निदान फोटो बदला. याच मार्गावरच्या भायखळा स्टेशनची दगडी इमारत व्हीटीच्या कितीतरी आधीची, १८५७ च्या सुमाराची आहे. तिची डागडुजी इतकी नेटकी झाली, की युनेस्कोच्या आशिया-पॅसिफिक वारसा पुरस्कारांत २०२२ मध्ये तिचा गौरव झाला. तुम्ही दादरला जाताना तिथूनच जाता. एकदा स्लो गाडी पकडा आणि उतरून बघा.