दोघांचे पैसे भरलेत

लेकीने आमच्या लग्नाच्या वाढदिवसाची भेट म्हणून मेक्सिको सिटीतली संध्याकाळची खाऊसहल बुक केली, तेव्हा तिने सगळी काळजी घेतली होती. फॉर्ममध्ये ‘गोमांस नको’ लिहिलं, ‘आई शाकाहारी’ लिहिलं, बाबांचे गुडघे दुखतात हेही लिहिलं. कालनिर्णय तेवढं बघायचं राहिलं. सहल मंगळवारची होती आणि त्या मंगळवारी अंगारकी होती.

नुसती संकष्टी असती तर काही तडजोड निघाली असती. पण एका अंगारकीला एकवीस संकष्ट्यांचं पुण्य, आणि असा घाऊक सौदा सोडणाऱ्यांतली आमची ही नव्हे. सहल रद्द करायची मुदत टळून गेली होती. लेक म्हणाली, “बाबा, तुम्ही एकटे जा.” त्यावर ही म्हणाली, “एकटे कशाला? मी येते की. बघायला कुठे उपास आडवा येतो?”

सकाळी क्षणभर मला आशा वाटली होती. पुण्याहून वहिनींचा फोन आला. तिकडे रात्रीचे साडेनऊ, चंद्रोदय झाला, आरती झाली, मोदक ताटात. आमच्याकडे सकाळचे दहा. मी म्हटलं, “अगं, चंद्र एकच आहे. पुण्यात उगवला म्हणजे उगवला. वहिनींनी व्हिडिओवर दाखवलाही. सोड उपास, आणि संध्याकाळी मोकळी हो.” ही म्हणाली, “ज्या गावचं पाणी पितो त्या गावचा चंद्र.” मेक्सिको सिटीत नळाचं पाणी पिऊ नका म्हणून सगळ्यांनी बजावल्यामुळे आम्ही त्या गावचं पाणी पीतच नव्हतो, हा मुद्दा मी मनातच ठेवला. हिने मोबाइलवर पंचांग काढलं, गावाच्या जागी मेक्सिको सिटी भरलं आणि जाहीर केलं, “नऊ एक्कावन्न.”

सहा वाजता बेयास आर्तेस या भल्यामोठ्या संगमरवरी नाट्यगृहासमोर जमलो. १९०४ साली बांधायला घेतलं आणि १९३४ साली उघडलं, असं गाइड मुलीने सांगितलं. तीस वर्षं! मला एकदम पुण्यातले उड्डाणपूल आठवून घरच्यासारखं वाटलं. मंडळात एक डच जोडपं, टेक्सासच्या दोन मैत्रिणी, एक कोरियन तरुण आणि आम्ही. गाइडने पहिलाच नियम सांगितला, “सात-आठ ठिकाणी खायचं आहे. प्रत्येक ठिकाणी थोडंच खा.”

नियम उत्तम होता. पण तो एका पोटाला एक प्लेट या हिशेबाने केलेला होता.

पहिल्या गाडीवर एस्कितेस मिळालं. उकडलेले मक्याचे दाणे पेल्यात, त्यावर मेयोनीज, किसलेलं चीज, तिखटाची पूड आणि वरून लिंबू. मका धान्यात मोडतो, म्हणजे उपासाला बाद. हिने आपला पेला दोन्ही हातांत धरला, नीट न्याहाळला, वास घेतला आणि माझ्याकडे सरकवला. “टाकू नका. दोघांचे पैसे भरलेत.”

आता पानात टाकायचं नाही हे संस्कार आमच्यावर आईने उलथण्याने केलेले आहेत. मी दोन्ही पेले संपवले. मग कळलं की खाऊन सुटका नाही. गाइड गोल फिरून प्रत्येकाला विचारत होती, काय काय चवी लागल्या? जेवताना बोलू नये असं ज्यांना लहानपणी सांगितलंय त्यांनी कुठे जायचं? डच गृहस्थ डोळे मिटून काहीतरी मातीबद्दल बोलले. टेक्सासच्या बाईंना धूर लागला. माझी पाळी आली तेव्हा मी “छान आहे” म्हणालो. दुप्पट खाल्लेल्या माणसाकडून एवढंच ऐकून गाइडचा चेहरा पडला. तेवढ्यात ही म्हणाली, “कसला तरी पाला घालून उकडलंय. ओव्याच्या आणि रॉकेलच्या मधला वास आहे.” गाइड आनंदाने ओरडलीच. एपासोते नावाचा पाला असतो म्हणे त्यात, आणि परदेशी माणसाला तो सहसा ओळखता येत नाही. न खाता पहिला नंबर हिचा.

दुसरा मुक्काम टाकोचा. उभ्या सळईवर लालभडक मसाला लावलेल्या मांसाचा ढीग फिरत होता, वर सोललेलं अननस खोचलेलं. लेबनॉनहून आलेल्या लोकांनी आपला शावर्मा इथे आणला, मेक्सिकोने त्यात मेंढराच्या जागी डुक्कर घातलं, मिरच्या आणि अचिओते नावाच्या लाल बियांचा लेप दिला, आणि ताकोस अल पास्तोर तयार झाले. गाडीवाला सुरीच्या एका झटक्यात वरच्या अननसाची चकती उडवायचा आणि ती बरोबर टाकोत येऊन पडायची. बशीवर त्याने प्लास्टिकची पिशवी चढवलेली होती. गिऱ्हाईक उठलं की पिशवी काढून नवी चढवायची, बशी विसळायची कटकटच नाही. हिला ही युक्ती फार आवडली. पर्यावरणाचं काय ते तिने बोलून दाखवलं, पण बघत मात्र राहिली.

इथे माझी पंचाईत निराळीच होती. घरात अंडंही यायचं नाही आणि बाहेर मी काय खातो ते विचारायचं नाही, हा आमच्यातला जुना तह. लग्न झाल्यापासून तो दोन्ही बाजूंनी पाळलेला. मी बाहेर खातो हे हिला ठाऊक होतं, पण कसा खातो ते तिने पाहिलं नव्हतं. आता ती हातभर अंतरावर, पूर्ण शुद्धीत आणि हात रिकामे, अशी उभी होती. शाकाहारी पाहुणीसाठी म्हणून गाडीवाल्याने निवडुंगाच्या पात्या भाजून दिल्या. त्यासुद्धा मक्याच्या पोळीत, म्हणजे माझ्याकडे. “हा कुठला भाग?” ही गाइडला माझ्या हातातल्या टाकोकडे बोट करून विचारत होती. गाइडने स्वतःच्या खांद्याला हात लावून दाखवला. मी पाठ करून चावत राहिलो.

या गाड्यांवर बिल लिहीत नाहीत. उभ्या उभ्या खायचं आणि शेवटी किती खाल्ले ते आपणच सांगायचं. मुंबईत असा धंदा किती दिवस टिकेल याचा मी विचार करत होतो, तेवढ्यात गाडीवाल्याने भुवया उंचावून विचारलं आणि हिने बोटं दाखवून माझा आकडा सांगितला. मी सांगणार होतो त्यापेक्षा तो एकाने जास्त होता.

मेझकाल या इथल्या दारूच्या दुकानात मात्र दोघांच्या पैशांचा नियम चालला नाही. तिथे दोन पेले पुढे आले तेव्हा हिने आपला उचलून कोरियन मुलाला दिला. “लहान आहे, चालायला लागतं त्याला,” म्हणाली. मी गुडघ्यांकडे बोट दाखवलं. तिने पाहिलं नाही.

मग एका कोपऱ्यावर कोळशाचा तवा मांडून बसलेल्या मावशी. निळ्या मक्याचं पीठ, हातावर थापून तव्यावर. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून रात्रभर ठेवतात, त्याने साल सुटतं आणि पीठ मळता येतं, असं गाइड सांगत होती. इथे मला कसादिया मिळाला, आत काळंकुट्ट सारण. ते काय असावं? मक्याच्या कणसावरची काणी! कणसाला काणी लागली की आमचे काका ते कणीस उपटून बांधापलीकडे नेऊन जाळायचे आणि दिवसभर कुणाशी बोलायचे नाहीत. इकडे तिला उइतलाकोचे म्हणतात आणि बिनरोगाच्या कणसापेक्षा जास्त पैसे मोजतात. काकांना हे वेळेवर कळायला हवं होतं. शिवाय नावातच ‘केसो’ म्हणजे चीज असूनही या शहरात कसादियात चीज हवं असेल तर ते वेगळं सांगावं लागतं, आणि यावरून बाकीचा मेक्सिको इथल्या लोकांशी आजही भांडतो. चव मला सांगता येणार नाही, कारण तोवर मी चवीच्या पलीकडे गेलो होतो. दुसरा कसादिया उभा न राहता खाल्ला, फूटपाथच्या कठड्यावर बसून.

ही मात्र टवटवीत. आणि इथून पुढे गाडी तिच्याच बाजूने वळली. सोकालो चौकाच्या वाटेवर एक बाई टोपलीत वड्या घेऊन बसली होती. हिने लांबूनच ओळखलं. “अहो, राजगिरा!” राजगिऱ्याचीच वडी, गुळाचा पाक, वर शेंगदाणे नि भोपळ्याच्या बिया. नाव अलेग्रिया. गाइड सांगू लागली की राजगिरा मूळचा इथलाच. स्पॅनिश लोक येण्याआधी अझ्टेक लोक राजगिऱ्याच्या पिठात मध घालून देवाची मूर्ती करायचे आणि पूजा झाली की तिचे तुकडे वाटून खायचे. स्पॅनिश पाद्र्यांना तो आपल्या प्रसादाचा विडंबनप्रकार वाटला आणि त्यांनी तो बंद पाडला. हिने दोन वड्या घेतल्या. एक खाल्ली, एक रुमालात बांधली.

पाठोपाठ गल्लीतून कर्कश शिट्टी आली, इंजिनाने वाफ सोडावी तशी. मी दचकलो. ती कामोते विकणाऱ्याची गाडी. खाली लाकडं पेटवलेली, वर पत्र्याच्या खणात भाजलेली रताळी. विकणारा धुराड्याची वाफ शिट्टीतून सोडतो आणि सगळ्या आळीला कळतं. त्याने खण ओढला, रताळं चिरलं, वर गोड आटवलेलं दूध ओतलं. हिने ते उभ्या उभ्या संपवलं आणि गाइडला उपासाचा फराळ समजावून सांगायला लागली. साबुदाणा, बटाटा, शेंगदाणे, रताळं, राजगिरा, मिरची. गाइड एकेक नाव ऐकून मान डोलावत होती. शेवटी म्हणाली, “पण हे सगळं तर आमच्या बाजूचं आहे.” खरंच होतं. साबुदाण्याचा कंद, बटाटा आणि शेंगदाणा दक्षिण अमेरिकेचा, रताळंही तिकडच्याच खंडाचं, राजगिरा नि मिरची मेक्सिकोची. १४९२ साली कोलंबस निघालाच नसता तर आमच्याकडे एकादशीला वरी आणि शिंगाडा यांवर भागवायची वेळ आली असती, आणि ‘दुप्पट खाशी’ ही म्हण निघालीच नसती. मी हे इंग्रजीत सांगणार होतो, पण बोलायला पोटात जागा नव्हती.

नऊच्या सुमाराला तेम्प्लो मायोर या अझ्टेकांच्या मोठ्या देवळाच्या उघड्या अवशेषांपाशी कठड्याला टेकलो. गाइड सांगत होती, १९७८ साली वीज कंपनीचे कामगार खणत असताना इथे सव्वातीन मीटर व्यासाचा गोल दगड सापडला. त्यावर कोयोलशाउकी देवीची मूर्ती, हातपाय तोडलेली. भावानेच तिचे तुकडे करून डोंगरावरून खाली ढकललं. ही देवी म्हणजे चंद्र, असं बरेच जाणकार मानतात.

“म्हणजे यांच्याकडे चंद्राचे तुकडे झालेत?” हिने घड्याळाकडे पाहत विचारलं. “आता गं बाई.”

मग गाइडने तिच्या चंद्राबद्दल विचारलं आणि हिने संपूर्ण मंडळाला गोष्ट सांगितली. आमचा देव मोदकांवर आडवा हात मारून उंदरावर बसून घरी निघाला. उंदीर बिचकला, देव पडला, पोट फुटलं, मोदक रस्त्यावर. त्याने ते परत पोटात भरले आणि नाग पट्ट्याऐवजी आवळून बांधला. वरून चंद्र हसला, देवाने शाप दिला, आणि मग क्षमा मागितल्यावर संकष्टी आली. टेक्सासच्या बायका हसून हसून एकमेकींना धरत होत्या. “पोट फुटलं” म्हणताना हिने उदाहरणादाखल माझ्याकडे हात केला. मी तोवर पट्टा एक भोक मोकळा केला होता. देवाने नाग आवळला ते कसं निभावलं, हे मला त्या घटकेला समजेना.

सोकालोत आलो तेव्हा पावणेदहा. पंचांगाप्रमाणे नऊ एक्कावन्नला चंद्र उगवणार होता, पण पूर्वेला राष्ट्रीय राजवाडा आडवा, त्यामुळे वाट पाहणं आलं. गाइडची सहल संपली होती, तरी कुणी हललं नाही. डच गृहस्थ टाचा उंचावून पाहत होते. राजवाड्याच्या छपरावर पिवळी कडा दिसली तेव्हा कोरियन मुलगा आधी ओरडला. हिने पदर नव्हता म्हणून ओढणी डोक्यावर घेतली, बाटलीतल्या पाण्याने अर्घ्य दिलं, राजगिऱ्याच्या वडीचा नैवेद्य दाखवला आणि सगळ्यांच्या हातावर एकेक तुकडा ठेवला. माझ्याही.

“चला,” ती ओढणी झटकत म्हणाली, “आता मला खरी भूक लागलीय.”

गाइडला निरोप, बक्षिसी, मिठ्या झाल्या आणि आम्ही मघाच्या तव्यावरच्या मावशींकडे परतलो. गाइड वाटेतच राहत असल्यामुळे दुभाषी म्हणून आली. घेवड्याचं सारण भरलेला त्लाकोयो. त्यात चरबी असते का? नाही, फक्त घेवडा नि मीठ, तवाही कोरडा. वर निवडुंगाची भाजी, कांदा, कोथिंबीर, हिरवी चटणी. गरम निळ्या पोळीवर चटणी ओघळत होती. हिने पहिला घास घेतला, डोळे मिटले आणि कुणी विचारलेलं नसताना चव सांगायला सुरुवात केली. तेवढ्यात थांबली आणि माझ्याकडे पाहिलं.

“तुम्ही नाही घेत? बाईमाणसाने रस्त्यात एकटीनेच खात उभं राहायचं, बरं दिसतं का ते?”

मावशींनी न विचारता दुसरा गोळा थापायला घेतला होता. मी पट्ट्याचं आणखी एक भोक शोधलं आणि बशी पुढे केली.