कारिएर आणि ‘लेखनिक’ म्हणणारे

जाँ-क्लोद कारिएरबद्दलचा एक मजकूर पुन्हा पुन्हा फॉरवर्ड होतोय. त्यात म्हटलंय: हा फ्रेंच पटकथाकार म्हणजे स्पॅनिश दिग्दर्शक लुइस बुन्युएलचा लेखनिक. बुन्युएल गेला आणि याचीही कारकीर्द आटोपली. ‘महाभारत’ हे नाटक तर त्याने पॅरिसमध्ये बसून ऐकीव माहितीवर उरकलं. तिसऱ्या आरोपात चिमूटभर तथ्य आहे. बाकी सगळी हवा.

आधी ‘लेखनिक’. दोघांची गाठ पडली 1963 साली, फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात. त्याच वर्षी कारिएरने विनोदी नट-दिग्दर्शक पिएर एतेक्सबरोबर केलेल्या लघुपटाला ऑस्कर मिळालं होतं. लग्नाच्या वाढदिवसाला घरी निघालेला नवरा पॅरिसच्या ट्रॅफिकमध्ये अडकतो आणि बायको मांडलेल्या टेबलापाशी ताटकळते, एवढीच गोष्ट. बोलणं जवळपास नाहीच.

त्याही आधी तो विनोदी सिनेमांचा फ्रेंच दिग्दर्शक झाक ताती याच्याकडे गेला होता, सिनेमावरून कादंबरी लिहायला. म्हणजे आपल्या नेहमीच्या वाटेच्या उलट! तातीने या पोराला संकलक सुझान बारोंच्या हवाली केलं. तिने पटकथा पुढे ठेवली, संकलनाच्या टेबलावर फिल्म लावली आणि दाखवलं: सगळी मेख या कागदापासून त्या चित्रापर्यंत जाण्यात आहे.

बुन्युएलबरोबर सहा चित्रपट झाले. रोज संध्याकाळी दोघं अर्धा तास वेगळे बसायचे आणि प्रत्येकाने एक गोष्ट रचून आणायची. एकाने कल्पना मांडली की दुसऱ्याने काही सेकंदांत हो किंवा नाही सांगायचं. नाही म्हटलं की विषय संपला. नकाराधिकार असलेला लेखनिक मी तरी पाहिलेला नाही.

‘कारकीर्द आटोपली’ याला तारखाच पुरेत. बुन्युएल वारला 1983 मध्ये. कारिएरने लिहिलेल्या चित्रपटांपैकी ‘द अनबेअरेबल लाइटनेस ऑफ बीइंग’ 1988चा, ‘सिरानो द बेर्जराक’ 1990चा, ‘बर्थ’ 2004चा. आणि बुन्युएल हयात असतानाच, 1979 मध्ये, जर्मन दिग्दर्शक श्लॉन्डॉर्फसाठी ‘द टिन ड्रम’ लिहून झाला होता. 2014 मध्ये कारिएरला मानद ऑस्कर मिळालं.

राहिलं ‘महाभारत’. कथा त्याने आणि नाटकाचा ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रूकने पहिल्यांदा ऐकली ती पॅरिसमध्येच, फिलिप लावास्तीन या संस्कृतच्या अभ्यासकाच्या तोंडून, हे खरं. पण ते सत्तरच्या दशकाच्या मध्यात. नाटक उभं राहिलं 1985 साली, फ्रान्समधल्या आविन्योंजवळच्या दगडाच्या खाणीत, नऊ तासांचं. मधल्या दहाएक वर्षांत खर्डे झाले, भारताच्या वाऱ्या झाल्या. याला उरकणं म्हणत असाल तर बोलणंच खुंटलं.

या प्रयोगावर भारतीय समीक्षकांनी घेतलेला आक्षेप वेगळा आणि वजनदार आहे: कथा उचलली, पण ती जिथे रुजली ती माती मागेच राहिली. मला तो बराचसा पटतो. तरी ‘धर्म’ आणि ‘क्षत्रिय’ हे शब्द त्याने फ्रेंच संहितेत तसेच ठेवले, त्यांच्या जागी हाताशी असलेले फ्रेंच शब्द चिकटवले नाहीत, हेही त्याच खात्यात मांडायला हवं.