रांगी, पापा आणि आमचा व्हॉट्सॲप ग्रुप

मातारिकी जवळ आली, म्हणजे न्यूझीलंडच्या मूळ रहिवासी माओरींचं नवं वर्ष, की ऑकलंडमधल्या आमच्या मराठी ग्रुपवर एक संदेश हमखास फिरतो: ‘माओरी मूळचे आपलेच!’ पुरावे तीन. एक, त्यांच्याकडे आकाश बाप नि धरती आई, म्हणजे आपले द्यावापृथिवी. दोन, मातारिकी हा ज्या तारकापुंजावरून नवं वर्ष धरतात तो, म्हणजे आपल्या कृत्तिका. तीन, वेलिंग्टनच्या ते पापा संग्रहालयात एक काशाची घंटा आहे आणि तिच्यावर तमिळ अक्षरं आहेत.

पहिल्या पुराव्याचा मोह मलाही पडतो. आकाश-बाप रांगिनुई आणि धरती-आई पापातुआनुकु घट्ट मिठीत, आणि मुलं मधल्या काळोखात कोंबलेली. त्यांतला लढाईचा देव, नाव त्याचं ‘तू’, म्हणतो, दोघांना मारून टाकू. रानांचा देव ताने म्हणतो, नको, वेगळं करू. एकेक भाऊ जोर लावून थकतो. शेवटी ताने उताणा झोपतो, पाठ आईला टेकवतो आणि दोन्ही पायांनी बापाला वर रेटतो. उजेड येतो. बाप अजून रडतो, तो पाऊस. आईचे उसासे म्हणजे धुकं. वाइपोआच्या रानात याच तानेच्या नावाचा प्रचंड कौरी वृक्ष उभा आहे. मुळांना रोग लागू नये म्हणून तिथे जोडे घासून-धुवून मगच आत सोडतात. आपण देवळाबाहेर चपला काढतो, त्याची आठवण झाली.

ऋग्वेदाच्या सातव्या मंडलातही वरुणाने द्यावापृथिवींना वेगळं धरून ठेवलंय. पण इजिप्तचा शू हा देवही तेच करतो, आणि तिथे तर आकाश बाई नि धरती पुरुष. मग तेही आपलेच का? माओरींचे पूर्वज पूर्व पॉलिनेशियातून होड्यांनी तेराव्या शतकाच्या सुमारास इथे आले. भारतातून नव्हे.

घंटेची गोष्ट तर गंमतच आहे. एकोणिसाव्या शतकात कोलेन्सो नावाच्या मिशनऱ्याला ती उत्तरेकडे सापडली, तेव्हा माओरी बायका तिच्यात बटाटे उकडत होत्या. तिच्यावर लिहिलंय: मोहिदीन बक्ष यांच्या जहाजाची घंटा. ग्रुपवरच्या संदेशात हे नाव कधीच नसतं.

आता कृत्तिका. आपल्याकडे त्या कार्तिकेयाला दूध पाजणाऱ्या सहा आया. इथे आईबापांच्या ताटातुटीने पिसाळलेला ताफिरिमातेआ, वाऱ्यांचा देव, स्वतःचे डोळे उपटून चुरगाळतो आणि बापाच्या छातीवर भिरकावतो. तेच तारे. या दोन गोष्टी एक आहेत असं म्हणायचं, तर दोन्ही वाचलेल्या नसाव्या लागतात.

त्यातही मी वर सांगितली ती ‘माओरी कथा’ म्हणजे मुख्यतः ते आरावा या जमातीची. त्यांच्यातल्या ते रांगिकाहेके यांनी ती लिहून दिली, गव्हर्नर जॉर्ज ग्रे यांनी १८५५ साली इंग्रजीत छापली, आणि छापलं तेच प्रमाण झालं. दक्षिण बेटावरचे नाई ताहू वेगळंच सांगतात: पापा आधी समुद्रदेव तांगारोआची बायको. तो परगावी गेला, परतला तर ती रांगीजवळ. त्याने भाल्याने रांगीच्या मांड्या भोसकल्या. आपली धरतीमाता दुसऱ्या घरी नांदली, असं नाई ताहू सांगतात म्हणून ते आरावांच्या भावना दुखावल्याचं मी तरी ऐकलेलं नाही. त्यांची गोष्ट त्यांची, आमची आमची.

आणि आपण? २०११ साली दिल्ली विद्यापीठाने कवी-अभ्यासक ए. के. रामानुजनांचा निबंध इतिहासाच्या अभ्यासक्रमातून काढून टाकला. त्याचा गुन्हा इतकाच की रामायणं अनेक आहेत असं तो सांगत होता. २०१५ साली मुंबईत, भारतीय विज्ञान काँग्रेसमध्ये, प्राचीन विमानांवर निबंध वाचला गेला. एकीकडे गोष्ट एकच हवी, दुसरीकडे ती प्रयोगशाळेत पासही व्हायला हवी. ज्या महाराष्ट्रात खंडोबाला म्हाळसा लिंगायत वाण्याची नि बाणाई धनगराची, आणि दोघींच्या भांडणावर वाघ्या-मुरळी रात्रभर गातात, तिथल्या माणसाला हे कसं झेपतं, कोण जाणे.

इथे सगळं आलबेल आहे असं समजू नका. १९०७ मध्ये याच देशाने माओरी तोहुंगांच्या, म्हणजे जाणत्यांच्या, विद्येवर कायद्याने बंदी घातली, ती १९६२ पर्यंत कायद्याच्या पुस्तकात होती. २०२१ मध्ये ऑकलंड विद्यापीठाच्या सात प्राध्यापकांनी माओरी ज्ञान म्हणजे विज्ञान नव्हे असं पत्र छापलं, तर देशभर धुरळा उडाला. (पत्रातला मूळ मुद्दा मला पटतो. ते ज्या सुरात लिहिलं तो नाही.) २०२२ पासून मातारिकीची सुट्टी मिळाली, पण पश्चिमेकडच्या कित्येक जमाती पुआंगा हा तारा बघून वर्ष मोजतात. सरकारी कॅलेंडरवर नाव मात्र मातारिकीचंच.

यंदा मी घंटेवरचा मजकूर मराठीत करून ग्रुपवर टाकला, मोहिदीन बक्षच्या नावासकट. दोन अंगठे आले. मग कुणीतरी सुप्रभात टाकलं, खाली सूर्यफूल.