हिवरे बाजारला करोडपतींचं गाव म्हणणं बंद करा

परत तो मेसेज आला. या आठवड्यात तिसऱ्यांदा, आणि यावेळी माझ्या चुलतभावाकडून, जो स्वतः पारनेर तालुक्यात शेती करतो आणि हिवरे बाजार त्याला मोटरसायकलवर जाऊन येण्यासारखं आहे. तुम्हीही वाचला असेल. थोडक्यात असा: नगर जिल्ह्यातलं (आता अहिल्यानगर) हिवरे बाजार १९७२ च्या दुष्काळानंतर ओस पडलं होतं, मग एका शिकलेल्या तरुणाने एकट्याने, सरकारचा एक रुपयाही न घेता गाव हिरवं केलं, आज तिथे ६० करोडपती आहेत, माणशी महिन्याला ३० हजार कमाई आहे, गावात राजकारण अजिबात नाही, आणि इच्छा असेल तर कुठलंही गाव पाच वर्षांत असं होऊ शकतं. खाली हिरव्या डोंगराचा फोटो.

मी त्या गावात चारपाच वेळा गेलोय आणि मला त्या गावाचा मनापासून अभिमान आहे, म्हणूनच हे लिहितोय. कारण या मेसेजमध्ये गावाने खरं जे केलं तेच गायब आहे आणि जे नाही ते ठासून भरलंय. एकेक मुद्दा घेतो.

आधी ते ६० करोडपती. इंग्रजी बातम्यांमध्ये शब्द होता मिलियनेअर. मिलियन म्हणजे दहा लाख. पन्नास-साठ कुटुंबांचं वर्षाचं उत्पन्न दहा लाखांच्या वर गेलं, असं गावाकडून सांगितलं गेलं होतं आणि ती खरंच फार मोठी गोष्ट आहे. पण मग कुणीतरी मिलियनेअरचं करोडपती करून टाकलं आणि एका शब्दात दहा लाखाचा कोटी झाला, दहा पट! आता लोक त्या गावात बंगले आणि मोठ्या गाड्या बघायला जातात आणि तिथे दिसतात कांद्याच्या चाळी, गोठे, नीट बांधलेली घरं आणि स्वच्छ रस्ते. काही जण नाराज होऊन परत येतात, मी स्वतः ऐकलंय.

माणशी ३० हजार महिना हे तर साध्या गणितातही बसत नाही. गावाची लोकसंख्या बाराशे-साडेबाराशे. साडेबाराशे गुणिले ३० हजार म्हणजे महिन्याला पावणेचार कोटी, वर्षाला ४५ कोटी. गावाचं एकूण क्षेत्र ९७६ हेक्टर, त्यातली कसायची जमीन साधारण दोन हजार एकर धरा. म्हणजे डोंगरउतारावरच्या, मुरमाड, जिरायती सगळ्या तुकड्यांसकट दर एकरी सव्वादोन लाख निव्वळ हातात पडायला पाहिजेत, तेही चारशे मिलिमीटर पावसात. ज्याने कांदा लावलाय आणि भाव पडल्यावर बांधावर ओतलाय त्याला विचारा हे जमतं का. हेच ३० हजार कुटुंबाला महिन्याला असे धरले तर सव्वादोनशे घरांचे वर्षाला आठ कोटींच्या आसपास होतात, आणि ते पटण्यासारखं आहे, कारण दूधच दिवसाला चार हजार लिटरपर्यंत गेल्याची नोंद आहे, तीस रुपयाने धरलं तरी वर्षाचे चार कोटींच्या वर नुसते दुधाचे, अर्थात त्यातून पेंड-चाऱ्याचा खर्च वजा जाणार. कुटुंबाचा आकडा माणशी म्हणून फिरवला की एका चांगल्या खऱ्या गोष्टीची थाप होते.

दुसरा मुद्दा, ओस पडलेलं गाव. हे चूक आहे आणि यातच गावाचा इतिहास पुसला जातो. १९९५ साली या गावात १८२ च्या आसपास कुटुंबं होती आणि त्यातली १६८ दारिद्र्यरेषेखाली होती. ओस गावात १६८ गरीब कुटुंबं कुठून येतील? लोक होते. ज्यांना जाणं शक्य होतं ते पुण्या-मुंबईला गेले, किंवा आसपास मजुरीला, आणि ज्यांना तेही शक्य नव्हतं ते तिथेच राहिले, कोरड्या विहिरी आणि दारूच्या भट्ट्यांमध्ये. गाव रिकामं नव्हतं, थकलेलं होतं. या दोन्हीत फार फरक आहे, कारण पुढचं सगळं काम त्या राहिलेल्या लोकांनी केलंय.

आणि त्याआधी काय होतं हेही मेसेज सांगत नाही. हिवरे बाजार एकेकाळी पैलवानांचं गाव म्हणून नाव कमावलेलं होतं. दूधदुभतं असल्याशिवाय पैलवान तयार होत नाहीत, म्हणजे गुरं होती, चारा होता, आजूबाजूच्या डोंगरांवर झाडी होती. ती झाडी सरपणाला आणि विक्रीला तुटत गेली, उतारावरची माती पावसाबरोबर खाली वाहून गेली, पाणी मुरायचं थांबलं, आणि मग ७२ चा दुष्काळ आला तेव्हा जमिनीच्या पोटात शिल्लकच काही नव्हतं. माझी आजी त्या दुष्काळात खडी फोडायला जायची, सुकडी आणि मिलोच्या भाकरीवर दिवस काढले त्यांनी, आणि ती कायम म्हणायची की पाऊस एका वर्षी गेला पण डोंगर आधीच दहा वर्षं बोडका होता. तिने हिवरे बाजार कधी पाहिलं नाही, ती आमच्याच गावाबद्दल बोलायची. पण गोष्ट तीच आहे. नुसत्या आभाळाने हे गाव मोडलं नाही, माणसांनी तोडलेल्या झाडांनी मोडलं.

परत आलेल्या लोकांचं म्हणाल तर ते खरंय, डझनावारी कुटुंबं परत आली. पण म्हणून लोकसंख्या फुगलेली नाही. १८२ कुटुंबांची पुढच्या पंधरा-वीस वर्षांत सव्वादोनशेच्या आसपास झाली, बस. गाव मुद्दाम लहान राहिलंय. पंचसूत्रीत, म्हणजे गावाने स्वतःला घालून घेतलेल्या पाच नियमांत, कुऱ्हाडबंदी, चराईबंदी, नशाबंदी आणि श्रमदानाच्या जोडीला नसबंदी होती हे मेसेज लिहिणारे विसरतात, आणि बाहेरच्या माणसाला जमीन विकायची नाही हा गावाचा ठराव तर कुणाच्या लक्षातच नसतो. नगर शहर वीसेक किलोमीटरवर आहे, हायवेच्या पट्ट्यातल्या गावांमध्ये प्लॉटिंगने काय झालंय ते बघा म्हणजे हा ठराव किती मोठा आहे ते कळेल.

आता सरकारचा एक रुपया न घेता. हे वाक्य मला सगळ्यात जास्त खटकतं, कारण ते धडधडीत खोटं आहे आणि त्याने दुसऱ्या गावांचं नुकसान होतं. १९९४ साली हिवरे बाजार राज्य सरकारच्या आदर्श गाव योजनेत आलं. डोंगरावरचे सलग समतल चर (पाणी मुरावं म्हणून उताराला आडवे खणलेले), नालाबांध, पाझर तलाव, हजारेक हेक्टरवरची ही कामं मुख्यतः रोजगार हमी योजनेच्या पैशातून झाली आणि त्याचा खर्च सुमारे ४२ लाख रुपये नोंदलेला आहे, म्हणजे हेक्टरी चार हजारांच्या आसपास. रोजगार हमी म्हणजे वि. स. पागेंच्या कल्पनेतून आलेली, ७२ च्या दुष्काळात महाराष्ट्राने उभी केलेली आणि १९७७ ला कायदा झालेली आपली योजना. तोच पैसा शेजारच्या गावांमध्येही आला होता. तिथे त्याचे रस्ते झाले, पहिल्या पावसात वाहून गेलेले बांध झाले. हिवरे बाजारने काय वेगळं केलं तर गावाने स्वतःचा पाच वर्षांचा आराखडा आधी बनवला आणि मग अधिकाऱ्यांना सांगितलं की काम इथे इथे पाहिजे, वरून खाली, माथ्यापासून पायथ्यापर्यंत. पैसा सरकारचा, नकाशा गावाचा, आणि शिवाय गावाचं श्रमदान. ज्या तरुण सरपंचाला तुम्ही सांगता की त्यांनी सरकारकडे हात पसरला नाही, तो योजनेचा अर्ज करायला लाजेल किंवा त्याचं गाव त्याला म्हणेल की तुला सरकारी पैसा कशाला लागतो. हे मी होताना पाहिलंय.

एकट्या माणसाने केलं, हा पुढचा. मेसेजमधला तो तरुण म्हणजे पोपटराव पवार, आणि त्यांच्याबद्दल मला प्रचंड आदर आहे. एम.कॉम. झालेला, क्रिकेटमध्ये पुढे जाण्याचं स्वप्न असलेला मुलगा १९८९-९० ला सरपंच होतो आणि तीस वर्षं तेच काम करत राहतो, २०२० ला पद्मश्री मिळते, ती मिळायलाच पाहिजे होती. पण त्यांच्या आधी पंधरा वर्षं शेजारच्या पारनेर तालुक्यात राळेगणसिद्धीला अण्णा हजारेंनी काम सुरू केलं होतं, पुरंदरला नायगावात विलासराव साळुंखेंनी पाणी पंचायत उभी केली होती, कुणाकडे जमीन किती यावर नाही तर घरात माणसं किती यावर पाणी वाटायचं हा विचार तिथला. वाट आधीच थोडी मळलेली होती.

आणि गावातले बाकीचे? चराईबंदी म्हणजे काय ते ज्याच्या घरी पाच शेळ्या आहेत त्यालाच कळतं. जमीन नसलेल्याची शेळी ही त्याची बँक असते. डोंगर बंद झाला की ती विकावी लागते किंवा गवत कापून डोक्यावर आणून बांधून घालावं लागतं. हिवरे बाजारात गवत कापून न्यायची मुभा ठेवली, पुढे गवत इतकं वाढलं की दुभती जनावरं परवडायला लागली, पण सुरुवातीची दोन-तीन वर्षं त्या घरांनी जी कळ सोसली तिच्यावर आजचा डोंगर उभा आहे. त्या बायांचा फोटो कुठल्याच मेसेजमध्ये नसतो, डोक्यावर भारे वाहिले ते त्यांनी.

आता मेसेजमध्ये नसलेली गोष्ट सांगतो, जी माझ्या मते सगळ्यात मोठी आहे. पाण्याचा ताळेबंद. चर आणि बंधारे तर आता हजार गावांत आहेत. हिवरे बाजारात दरवर्षी पाऊस मोजतात, विहिरींची पातळी बघतात, आणि पावसाळा संपला की ग्रामसभेत बसून ठरवतात की यंदा जमिनीत किती पाणी आहे आणि ते कुणाला किती. आधी माणसांचं पिण्याचं, मग जनावरांचं, उरलेल्यातलं साधारण ७० टक्के शेतीला आणि बाकीचं पुढच्यासाठी राखून. पाऊस कमी असेल तर जास्त पाण्याची पिकं कमी करायची. शेतीसाठी बोअर मारायचा नाही. केळी नाही, ऊस चाऱ्यापुरताच. विचार करा, ऊस ज्या जिल्ह्यात प्रतिष्ठेचा विषय आहे, कारखान्यांवर ज्या जिल्ह्याचं राजकारण चालतं, त्या जिल्ह्यात एक गाव म्हणतं आम्ही कारखान्यासाठी ऊस लावणार नाही! हे करोडपती होण्यापेक्षा अवघड आहे. २०१२-१३ च्या दुष्काळात आजूबाजूला टँकर फिरत होते तेव्हा या गावाला टँकर लागला नाही तो या हिशोबामुळे. नुसते चर असते तर पाणी मुरलं असतं आणि दोनशे बोअरनी परत उपसलं असतं.

राजकारण नाही हा मुद्दा फार लांबवत नाही. तीसेक वर्षं ग्रामपंचायत बिनविरोध झाली हे खरं, पण जानेवारी २०२१ ला रीतसर निवडणूक झाली, विरोधात लोक उभे राहिले, आणि पवारांच्या पॅनलने सातही जागा जिंकल्या. विरोध होणं यात गावाचा काही कमीपणा नाही.

राहिलं पाच वर्षांत कुठलंही गाव. नाही होत. हिवरे बाजार बशीसारखं आहे, बाजूला डोंगर, पडलेलं पाणी बरंचसं गावाच्याच शिवारात अडवता येतं. सपाट गावाचं पाणी शेजारच्याच्या बोअरमध्ये जातं, तिथे एकट्या गावाने बंदी घालून भागत नाही. साडेबाराशे माणसांची ग्रामसभा एका मंडपात बसते, आठ हजार वस्तीच्या गावाची बसत नाही. आणि वेळ बघा, काम सुरू ९० च्या आसपास, योजना ९४, राष्ट्रीय जल पुरस्कार २००७. सतरा वर्षं! दुसरीकडे जलयुक्त शिवार या पाणी अडवायच्या योजनेवर राज्याने साडेनऊ हजार कोटींच्या वर खर्च केला आणि सरकारी खर्च तपासणाऱ्या कॅगच्या २०२० च्या अहवालात आलं की भूजल पातळी वाढवण्यात योजनेला फारसं यश आलं नाही. खोदकाम झालं, उपशावर बंधन आलं नाही. तरीपण मी म्हणणार नाही की बाकी गावांनी प्रयत्न सोडावा, मी म्हणतोय की डोंगराचा फोटो बघून नाही, ताळेबंदाचा फळा बघून सुरुवात करा.

आमच्या गावात मागच्या वर्षी मी ग्रामसभेत नवीन बोअर बंद करायचा विषय काढला होता. चौघांनी हात वर केले, बाकीचे गप्प. माझ्याच भावकीतल्या एकाने त्याच महिन्यात बोअरची गाडी लावली, साडेपाचशे फूट खोदून बोअर कोरडा गेला, लाखभर रुपये मातीत. हाच तो भाऊ ज्याने मला करोडपतींचा मेसेज पाठवला. मी त्याला हे सगळं फोनवर सांगितलं, तो बराच वेळ ऐकत होता आणि मग म्हणाला, “दादा, आपल्याकडे पाऊस मोजायचं यंत्र कुठंय?” नाहीये. तालुक्याच्या मंडळाचा आकडा येतो तो पंधरा किलोमीटर लांबचा. तर आता आम्ही दोघं मिळून एक घेतोय, शाळेच्या गच्चीवर बसवायला सरांनी हो म्हटलंय, आणि दिवाळीनंतरच्या ग्रामसभेत बोअरचा विषय परत मांडणार आहे, यावेळी तो पण हात वर करतो म्हणालाय.