अहवाल आधी गावात वाचा

ज्या गावाच्या नावाने अनुदान येतं, त्या गावाला त्या अनुदानाच्या मूल्यमापनाचा अहवाल बहुतेक वेळा दिसतच नाही. देणगी देणारी कंपनी तो वाचते, राबवणारी संस्था वाचते. गावातल्या माणसांनी मात्र रोजगार बुडवून, खुरपं बाजूला ठेवून तासतासभर उत्तरं दिलेली असतात आणि त्यांच्या हाती त्यातलं एक पानही येत नाही. विकास प्रकल्पांच्या देखरेखीचं आणि मूल्यमापनाचं काम मी बरीच वर्षं करते आहे, मुख्यतः मराठवाड्यात आणि नगर-नाशिकच्या कोरडवाहू पट्ट्यात. या कामाबद्दल माझं एक ठाम मत झालं आहे. अहवाल अंतिम होण्याआधी तो मराठीत, गावात, सगळ्यांसमोर वाचला गेला पाहिजे आणि त्याचा खर्च अंदाजपत्रकात सुरुवातीलाच धरलेला असला पाहिजे.

हे क्षेत्र ज्यांनी जवळून पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. २०१३ च्या कंपनी कायद्याच्या कलम १३५ प्रमाणे ठरावीक आकाराच्या कंपन्यांना आधीच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या २ टक्के रक्कम समाजकामावर (यालाच सीएसआर म्हणतात) खर्च करावी लागते. जानेवारी २०२१ मध्ये त्याच्या नियमांत बदल झाले. ज्या कंपनीची ही रक्कम गेल्या तीन वर्षांत सरासरी १० कोटी किंवा त्याहून जास्त आहे, तिने १ कोटी किंवा त्यापुढच्या प्रत्येक प्रकल्पाचं, तो संपून किमान एक वर्ष झाल्यावर, स्वतंत्र संस्थेकडून परिणाम-मूल्यमापन करून घ्यायचं. नियम चांगला आहे, माझा त्याला मनापासून पाठिंबा आहे. त्यासाठी किती खर्च करता येईल तेही ठरलेलं आहे. त्या वर्षीच्या सीएसआर खर्चाच्या २ टक्के किंवा ५० लाख रुपये, यांतली जी रक्कम मोठी तिथपर्यंत. अहवाल संचालक मंडळापुढे ठेवायचा आणि वार्षिक सीएसआर अहवालाला जोडायचा. नियम इथे थांबतो. ज्यांच्याबद्दल तो अहवाल आहे त्यांच्यापुढे तो ठेवा, असं त्यात कुठेही म्हटलेलं नाही.

कुणी म्हणेल, ही सौजन्याची गोष्ट झाली, अहवालाच्या दर्जाशी तिचा काय संबंध? माझा अनुभव असा की गावात न वाचलेला अहवाल बऱ्याचदा चुकीचाच असतो. शेततळ्यांचं उदाहरण देते.

एका जलसंधारण प्रकल्पात निर्देशक, म्हणजे यश मोजायची खूण, होता 'पूर्ण झालेली शेततळी'. ठरलेली सगळी तळी झाली होती. प्रत्येकाचा जिओ-टॅग केलेला, म्हणजे जागेची नोंद असलेला, फोटो होता, मोजमाप पुस्तिका होती, शेतकऱ्याच्या हिश्श्याच्या पावत्या होत्या. आम्ही लाभार्थ्यांच्या यादीतून नमुना काढला आणि घरोघरी जाऊन विचारलं. उत्पन्न वाढलं का? वाढलं. उन्हाळ्यात बागेला पाणी मिळालं का? मिळालं. आकडे खरे होते, त्यात कुणी लबाडी केलेली नव्हती. मग संस्थेच्या परवानगीने आम्ही कच्चे निष्कर्ष गावात, मंदिरासमोरच्या सभामंडपात वाचून दाखवले. शेततळ्यांचा भाग आला तसं मागे बसलेल्या बायकांमध्ये कुजबुज सुरू झाली आणि त्यांतली एक उठून म्हणाली, "ताई, ज्यांची तळी हायेत त्यांनाच विचारलंत तुम्ही. आमची हीर आधी शिमग्यापर्यंत चालायची, आता संक्रांतीलाच तळ दिसतो."

तिचं म्हणणं शब्दशः बरोबर होतं. शेततळ्यात प्लास्टिकचा कागद अंथरला की त्यातलं पाणी जमिनीत मुरत नाही. पावसाच्या वाहून येणाऱ्या पाण्यावर ते तळं भरणं कोरडवाहू भागात कठीण, म्हणून पावसाळा संपता संपता विहिरीतून आणि बोअरमधून उपसून ते भरायचं आणि उन्हाळ्यात डाळिंबाला, द्राक्षाला द्यायचं. म्हणजे जमिनीखालचं, सगळ्या शिवाराचं पाणी वर काढून एकाच्या तळ्यात साठवायचं आणि त्यातलं काही उन्हाने उडून जाऊ द्यायचं. महाराष्ट्रात हे ठिकठिकाणी झालेलं आहे, भूजलाचे अभ्यासक त्याबद्दल सतत सांगत आले आहेत. पण आमच्या प्रश्नावलीत ते पकडलं जाणं शक्यच नव्हतं, कारण नमुन्याची चौकट म्हणजेच लाभार्थ्यांची यादी. ज्यांच्या विहिरी आटल्या ते त्या यादीत नव्हते. आम्ही पुन्हा शिवारात गेलो, तळ्यांच्या आजूबाजूच्या विहिरी मोजल्या आणि अहवालातलं ते प्रकरण नव्याने लिहिलं. गावात वाचन झालं नसतं तर तीच तळी पुढच्या टप्प्यात दुप्पट संख्येने मंजूर झाली असती.

दुसरी गोष्ट बीडकडची. तिथल्या कितीतरी वाड्या-तांड्यांतली माणसं दिवाळीच्या आसपास कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊसतोडीला जातात आणि मार्च-एप्रिलपर्यंत परत येत नाहीत. कंपन्यांचं आर्थिक वर्ष मार्चला संपतं, म्हणून सर्वेक्षणं हमखास डिसेंबर ते फेब्रुवारीत उरकली जातात. टॅबवर घर नोंदलेलं असतं, दाराला कुलूप असतं. मग सर्वेक्षकाला सूचना असते की शेजारचं घर घ्या. शेजारचं घर उघडं आहे याचा अर्थ त्या घराला ऊसतोडीसाठी उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घ्यावी लागलेली नाही, त्यांच्याकडे थोडी पाण्याखालची जमीन किंवा नोकरी आहे. अशी बदली करत करत सगळा नमुना मागे राहिलेल्या, त्यातल्या त्यात बऱ्या घरांचा होतो. स्थलांतरित मुलांच्या शिक्षणासाठी चालवलेल्या प्रकल्पाचंही मूल्यमापन याच महिन्यांत होताना मी पाहिलं आहे. ज्या मुलांसाठी पैसा आला ती मुलं त्या वेळी फडावर असतात. मी हे टीओआरच्या, म्हणजे मूल्यमापनाच्या कामाच्या अटी ठरवणाऱ्या दस्तऐवजाच्या, चर्चेत दरवेळी मांडते. कुणी ऐकतं, कुणी 'मार्चआधी बिल निघायला हवं' म्हणतं.

पावसाचंही तसंच. लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं ते एप्रिल २०१६ मध्ये. त्या उन्हाळ्यात मराठवाड्यात ज्यांनी बेसलाइन, म्हणजे प्रकल्प सुरू होण्याआधीची मोजणी, केली, त्यांच्या नोंदींत कोरड्या विहिरी आणि टँकर आहेत. त्याच वर्षीच्या पावसाळ्यात मराठवाड्यावर भरपूर पाऊस झाला, मांजरा धरण भरलं. त्यानंतर मोजणाऱ्या कुठल्याही प्रकल्पाला 'पाण्याची उपलब्धता वाढली' असं दाखवता येतं. प्रकल्प नसलेलं शेजारचं गाव सोबत मोजलं नाही तर पावसाचं श्रेय कुणाच्याही खात्यावर जमा होतं.

नीट मोजणं शक्य आहे आणि ते आपल्याच राज्यात झालेलं आहे. गडचिरोलीत 'सर्च' या संस्थेमध्ये डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी नवजात बाळांच्या घरोघरी काळजीचा प्रयोग केला तेव्हा ३९ गावांत सेवा दिली आणि ४७ गावं तुलनेसाठी घेतली. जन्म आणि मृत्यू दोन्हीकडे सारख्याच काटेकोरपणे नोंदवले. सेवेच्या तिसऱ्या वर्षी, तुलनेतल्या गावांशी ताडून पाहता, नवजात मृत्युदरात ६२ टक्क्यांची घट दिसली. १९९९ मध्ये ते 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झालं आणि २०११ पासून देशभरातल्या आशाताई त्या पद्धतीने बाळांना भेटी देऊ लागल्या. त्या मोजणीला इतकी किंमत आली कारण तुलनेतल्या गावांतलं मूलही तितक्याच आस्थेने मोजलं गेलं.

आपल्याकडच्या बहुतेक अनुदान प्रकल्पांना एवढं संशोधन परवडणार नाही, ते मला मान्य आहे. म्हणून तर गावातल्या वाचनाचा आग्रह धरते. तुलनेचं गाव घेता आलं नाही तरी "यंदा पाऊसच जास्त होता" हे सांगणारी माणसं सभेत असतात. प्रश्नावलीपुढे एकटं बसलेलं माणूस ते सांगत नाही. समोरचा पाहुणा संस्थेच्याच गाडीतून आलेला, शेजारी संस्थेचा कार्यकर्ता बसलेला, आणि प्रश्न असा की 'प्रकल्पामुळे तुमच्या जीवनमानात सुधारणा झाली का?' घरी आलेल्याला चहा देऊन तोंडावर नाही कोण म्हणेल? "हो लिहा, ताई" हे उत्तर मी इतक्या ओट्यांवर ऐकलं आहे की त्या एका प्रश्नावर आधारलेला कुठलाही टक्का मी आता अहवालात घेत नाही.

लोकांपुढे हिशेब वाचण्याची परंपरा या देशात नवी नाही. डिसेंबर १९९४ मध्ये राजस्थानात पाली जिल्ह्यातल्या कोटकिराना गावात मजदूर किसान शक्ती संघटनेने पहिली जनसुनवाई घेतली, हजेरीपटावरची नावं मोठ्याने वाचली आणि ज्यांची नावं होती त्यांनीच सांगितलं की आम्ही त्या कामावर गेलोच नव्हतो. त्याच वाटेने २००५ च्या रोजगार हमी कायद्यात कलम १७ आलं आणि सामाजिक अंकेक्षण, म्हणजे कामांची लोकांनीच केलेली तपासणी, ग्रामसभेच्या हाती आलं. महाराष्ट्रात २००७ पासून आरोग्य सेवांवर लोकाधारित देखरेख सुरू झाली, आधी अमरावती, नंदुरबार, उस्मानाबाद, पुणे आणि ठाणे या जिल्ह्यांत, पुण्याच्या 'साथी' संस्थेच्या समन्वयाने. गावाने आपल्या उपकेंद्राला, प्राथमिक आरोग्य केंद्राला हिरवा, पिवळा, लाल असा शेरा द्यायचा आणि तो डॉक्टर-अधिकाऱ्यांसमोर जनसुनवाईत मांडायचा. सरकारी दवाखान्याचं काम गाव तपासू शकतं, तर दोन-तीन कोटींच्या सीएसआर प्रकल्पाचं का नाही?

यावर मला हमखास सांगितलं जातं की गावात दोन गट असतात, सभेत भांडणं होतील. होतात. एका सभेत बचत गटाच्या कर्जावरून इतका आवाज चढला की आम्हाला थांबावं लागलं. पण त्याच भांडणातून कळलं की उद्योगासाठी म्हणून घेतलेली बरीच कर्जं दवाखान्याच्या बिलांना गेली होती. आमच्या तक्त्यात ती सगळी 'उत्पादक कर्ज' म्हणून बसली होती. कुणाचं नाव, कुणाचं आजारपण, कुणाच्या घरातली मारहाण असल्या गोष्टी सभेत वाचायच्या नसतातच. त्या गाळून गावपातळीचे निष्कर्ष कसे मांडायचे हे आमचं कौशल्याचं काम आहे आणि ते जमतं. बायका बोलाव्यात असं वाटत असेल तर त्यांची बैठक आधी वेगळी घ्यावी लागते, दुपारी, त्यांच्या सोयीने.

खरी अडचण भीतीची आहे. प्रतिकूल निष्कर्ष वाचल्यावर एका संस्थेचा तरुण कार्यकर्ता मला बाजूला घेऊन म्हणाला होता, "मॅडम, हे असंच गेलं तर पुढच्या वर्षीचा निधी थांबेल, आमचे पगार थांबतील." तो खोटं वागणारा मुलगा नव्हता. डोंगरातल्या वस्त्यांवर मोटरसायकलने फिरणारा, तीन देणगीदारांचे तीन वेगळे एक्सेल रात्री जागून भरणारा मुलगा होता. त्याला अशा जागी उभं करणारी पद्धत मला मान्य नाही. देणगीदारांनी करारातच लिहून द्यायला हवं की प्रामाणिकपणे नोंदवलेल्या अपयशामुळे निधी कापला जाणार नाही, उलट दुरुस्तीसाठी मुदत आणि पैसे मिळतील. हे लिहून देणारे देणगीदार आहेत. थोडे आहेत, पण त्यांच्यासोबत काम केलं की अहवालाची भाषाच बदलते, 'आव्हाने' नावाच्या अर्ध्या पानात सगळं कोंबावं लागत नाही.

मी आता प्रत्येक प्रस्तावात तीन गोष्टी घालते. कच्च्या निष्कर्षांचं गावात वाचन, नमुन्यातल्या किमान काही गावांत, आणि त्यासाठी सर्वेक्षकांचे जादा दिवस. गावासाठी मराठीत दोन पानी गोषवारा, मोठ्या अक्षरात, ग्रामपंचायतीच्या फलकावर लावायला. आणि अंतिम अहवालात एक स्वतंत्र प्रकरण, 'गावाचं म्हणणं', ज्यात गावाला आमचे जे निष्कर्ष पटले नाहीत ते तसेच्या तसे नोंदवायचे. यातलं पहिलं कलम वाटाघाटीत सगळ्यात आधी कापलं जातं, म्हणून त्याची रक्कम मी हल्ली वेगळी दाखवत नाही, सर्वेक्षणाच्या खर्चातच धरते. ज्या सीएसआर विभागांत टीओआर लिहिणारी माणसं ही पोस्ट वाचत असतील त्यांनी हे कलम स्वतःहून घालावं, अशी कळकळीची विनंती आहे. मसुदा हवा असेल तर मागा, मी वापरते तो मराठी-इंग्रजी दोन्हीत आहे, लगेच पाठवते. आणि ज्या संस्थांनी आपला अहवाल गावात वाचला आहे त्यांनी तिथे काय झालं ते खाली लिहा, विशेषतः जिथे वाचन फसलं तिथलं.